टिटव्योत्तर प्रहर

एका जंगलात, मुलांनो, वेळ सरकारी होती.

म्हणजे सकाळ आपली आपण व्हायची नाही. काळखात्याची सही झाली की व्हायची. निदान काळखात्याचं तसं म्हणणं होतं. सूर्याला कुणी विचारलं नव्हतं.

खात्यात सगळे बगळे होते. काहीही न करता तासन्‌तास एका पायावर उभं राहायचं, एवढीच तिथली परीक्षा. मुख्य होते ढवळेसाहेब. त्यांनी खात्यासाठी एक भाषा बनवली होती. तिचं नाव कालिकी. कालिकीत ‘उशीर’ हा शब्दच नव्हता. त्यामुळे खात्यात कधी काही उशिरा झालंच नाही. ‘जेवणाची सुट्टी’ याला मात्र सात शब्द होते, आणि ते सगळ्यांना तोंडपाठ होते.

त्याच जंगलात भिंगरी नावाची टिटवी राहायची. नदीच्या कोरड्या पात्रात, गोट्यांच्या मधोमध, तिने चार अंडी घातली होती. एके दिवशी वडाच्या खोडावर नोटीस लागली: ‘वरच्या तळ्याचा बांध परवोत्तर प्रहरी विमोचिला जाईल.’

बांध उघडला की पात्र भरणार, एवढं भिंगरीला कळलं. कधी उघडणार, ते कळेना. पिल्लं बाहेर यायला अजून आठ दिवस होते. ती धापा टाकत खात्यात गेली.

खिडकीत शेंडे नावाचा कारकून बगळा डोळे मिटून उभा होता.

“साहेब, परवोत्तर म्हणजे परवा का?”

“परवा असतं तर परवा लिहिलं असतं.”

“मग परवानंतर?”

“तसंही लिहिता आलं असतं.”

“मग कधी हो?”

शेंड्यांनी एक डोळा उघडला. “बाई, परवोत्तर म्हणजे परवोत्तर. चला, पुढचे कोण?”

पुढचं कुणीच नव्हतं.

“अहो, माझी अंडी वाहून जातील!”

“कालिकीत अर्ज करा,” शेंडे म्हणाले आणि त्यांनी डोळा मिटला.

भिंगरीने रडत रडत थेट ढवळेसाहेबांना गाठलं. साहेबांनी आधी तिच्याकडे पाहिलं, मग नोटिशीकडे पाहिलं, मग बराच वेळ आभाळाकडे पाहिलं. “संदर्भाने अर्थ लागेल,” ते म्हणाले.

तेव्हा भिंगरीच्या ध्यानात आलं, की साहेबांनाही ठाऊक नाही. त्या क्षणी तिचं रडू थांबलं.

ती परत येऊन अंड्यांवर बसली. दुपारभर विचार केला. मग तिने अर्ज लिहिला: ‘सदर विमोचन टिटव्योत्तर प्रहरीच व्हावे, अन्यथा कालविपर्यास संभवतो.’

शेंड्यांनी अर्ज वाचला. ‘टिटव्योत्तर’पाशी ते अडले. विचारावं, तर आपल्याला येत नाही हे उघड होणार. त्यांनी सही केली. ढवळेसाहेबही तिथेच अडले. त्यांनी सही करून खाली लिहिलं, ‘अत्यंत समर्पक.’

झालं! बांध उघडणं लांबलं.

आठव्या दिवशी चारही अंडी फुटली. टिटवीची पिल्लं ती, बाहेर येताच काठावर पळत सुटली. भिंगरी त्यांच्यामागे धावून धावून दमली, पण इतकी खूश ती कधीच झाली नव्हती.

तेवढ्यात काठावर दगडूदादा आला. हा गवा, अंगाने डोंगराएवढा. खालची सगळी डबकी आटली होती. बिचारा दोन दिवस चिखल चाटत होता.

“भिंगरीबाई, पाणी कधी सुटायचंय, काही कळलं का?”

“टिटव्योत्तर,” ती म्हणाली.

“म्हणजे?”

त्याच्या कोरड्या जिभेकडे पाहून भिंगरी ओशाळली. “दादा, माझ्यामुळेच अडलंय हो. थांबा, आत्ता जाऊन सांगते.”

ती उडत उडत खात्यात गेली. “साहेब, टिटव्योत्तर झालं! म्हणजे टिटवीची पिल्लं निघाल्यानंतर. निघाली चारही. आता सोडा पाणी.”

ढवळेसाहेबांनी कित्येक वर्षांत पहिल्यांदाच दुसरा पाय जमिनीला टेकवला.

“या शब्दाला अर्थ आहे?”

“आहे की.”

“आणि तो कुणालाही कळतो?”

“पिल्लांनाही कळेल.”

साहेबांनी तातडीने समिती बसवली. समितीने अर्थ असल्याच्या कारणावरून शब्द रद्द केला. पर्यायी शब्द सापडेपर्यंत बांध उघडू नये, असंही ठरलं. मग सगळे जेवायला गेले.

भिंगरीने परत येऊन दगडूदादाला सगळं सांगितलं. समिती, पर्यायी शब्द, सगळं. त्याने मान हलवत ऐकून घेतलं.

“मला यातलं काही कळलं नाही,” तो म्हणाला. “तळं कुठल्या बाजूला आहे?”

तिने दाखवलं. तो गेला, बांधाला खांदा लावला आणि रेटलं. एकदा, दोनदा. तिसऱ्यांदा माती ढासळली आणि पाणी धो धो खाली आलं. हरणं, रानडुकरं, माकडं, सगळी पात्रावर वाकली. भिंगरीची पिल्लं काठावरून पाण्यावर ओरडत राहिली.

तिसऱ्या दिवशी दगडूदादाला कागद आला: ‘कालभंगाच्या चौकशीस प्रलंबाह्नी समक्ष हजर राहावे.’ वाघाला न भिणारा गवा कागदाला भ्यायला. तो भिंगरीकडे आला.

“बाई, कधी बोलावलंय हो मला?”

भिंगरीने कागद दोनदा वाचला. एव्हाना जंगलात तिच्याइतकी कालिकी कुणालाच येत नव्हती.

“दादा,” ती म्हणाली, “हा दिवस येतच नसतो. चरा खुशाल.”

तात्पर्य: मुलांनो, एखाद्या शब्दाचा अर्थ कळत नसेल, तर त्यावर लगेच सही करावी, माणूस मोठ्या पदाला चढतो. अर्थ कळत असेल, तर कुणाला सांगू नये, समिती बसते. आणि वाचताच येत नसेल, तर तहान लागल्यावर सरळ तळ्याकडे जावं. बाकीच्यांनी आता अभ्यासाला बसा.