वाफेवर शिजलेली पटकथा

निर्मात्याने आज नव्या पटकथेला होकार दिला नाही, तर आर्मास केट्टुलाला सोमवारपासून मेहुण्याच्या धुरीघरात विकायच्या माशांना धुरी देत बसावं लागणार होतं. टीव्हीवरची त्याची मालिका कधीच बंद पडली होती, आणि मेहुणा रेइनोने त्याच्या मापाचा एप्रनसुद्धा आणून ठेवला होता.

म्हणून निर्माता तौनो तळ्याकाठच्या घरी येताच आर्मासने त्याला थेट सौनात, म्हणजे वाफेच्या न्हाणीघरात, नेऊन वरच्या फळीवर बसवलं.

"जिभेला लगाम घाल हं," बायको हिल्काने दारातूनच दटावलं. "तू सुरू झालास की पाहुणे बूटसुद्धा न घालता पळतात!"

तापल्या दगडांवर पाणी पडलं, चर्र झालं, आणि आर्मासने कथा सांगायला घेतली. एक खलाशी, त्याच्या दोन बायका, एक पाद्री आणि शेवटी भर लग्नात हाणामारी.

तौनो गप्प.

"दुसरी बायको जरा जास्तच होतेय, नाही? काढली!"

तौनोने नुसता घाम निपटला.

"पाद्री खटकतोय. कळलं मला. गेला पाद्री!"

सौनातल्या रिवाजाप्रमाणे तौनोने बर्चच्या डहाळ्यांनी स्वतःची पाठ सपासप झोडली. आर्मासला वाटलं, फटके आपल्यालाच पडतायत. त्याने घाईघाईने लग्न मोडलं, हाणामारी मिटवली, जहाज बुडवलं.

"बरं बाबा! खलाशी एकटाच तळ्याकाठी बसलाय. बोलत नाही. बस्स!"

काढायला काही उरलं नाही, तेव्हा तोही गप्प झाला. त्याबरोबर तौनो उठला, धावत सुटला आणि धाडकन तळ्यात पडला.

"पळाला," आर्मास हिल्काला म्हणाला. "एप्रन दे."

पण तौनो अंग गार करून निथळत परतला. मोहरी लावून भाजलेलं सॉसेज त्याने सावकाश संपवलं आणि म्हणाला, "पहिली कथा झकास होती."

"मग तेव्हाच का नाही बोललास, भल्या माणसा?"

"तुझं संपलं कुठे होतं? मधेच तोंड घालायला मी काय शेजारच्या देशातला बडबड्या स्वीडिश आहे?"

"मग पहिलीच करू या!"

"छे. शेवटचीच. माझ्या ओळखीतला माणूस आहे तो."

सिनेमाच्या पहिल्या खेळाला पडद्यावर खलाशी दीड तास गप्प बसला. दिवे लागले. टाळी नाही, खोकला नाही, कुणी जागचं हललंसुद्धा नाही. 'मेलो!' आर्मासने मनात म्हटलं. एवढ्यात शेजारी बसलेल्या रेइनोने कोटाच्या खिशातून परत नेलेला तो एप्रन काढला. आर्मासने मुकाट्याने हात पुढे केला.

रेइनोने एप्रनने डोळे पुसले, फर्रकन नाक शिंकरलं आणि घडी करून तो परत आपल्याच खिशात ठेवला.

"म्हणजे... आवड—" आर्मासने तोंड उघडलं.

पलीकडे बसलेल्या हिल्काने टाचेने त्याचा पाय चेचला.