मुक्या सिनेमातला बटाटा

"इंग्लंडात अजून गुन्हे होतात याचं कारण एकच," सेप्टिमस प्राऊस भेटेल त्याला सांगत, "इंग्लंड मोठं आहे आणि मी एकटा आहे."

ते आता खाजगी गुप्तहेर होते, पण महायुद्धापूर्वी टोप्या विकायचे. त्यामुळे डोक्याचं माप पाहून आत काय शिजतंय ते आपल्याला कळतं, असा त्यांचा दावा होता. त्यांच्या दिवंगत बायकोची बहीण हेस्टर त्यांची साहाय्यक होती. म्हणजे छत्री धरायची, पिशवी सांभाळायची आणि ते निघून गेल्यावर लोकांची माफी मागायची.

एका सकाळी ब्लेंकिरन नावाचे गृहस्थ आले. थेम्सच्या काठी काचेच्या छपराचा त्यांचा स्टुडिओ होता. 'लेडी ॲराबेलाचं वचन' या नाटकाचा त्यांनी सिनेमा केला होता. तो गावात जोरात चालला होता, तरी गृहस्थ रडकुंडीला आले होते.

"मला गावात बटाटा म्हणतात," ते म्हणाले. "उकडलेला बटाटा. न्हावी म्हणतो, मासेवाला म्हणतो. काल चर्चमध्ये कुणीतरी प्रार्थनेच्या चालीवर म्हटलं."

त्यांच्या गोल, पांढुरक्या, जरा घामेजलेल्या चेहऱ्याकडे बघून हेस्टरला एकदम खोकला आला.

भानगड अशी होती. नाटकातलीच जोडी सिनेमात होती, सेड्रिक हॅलम आणि व्हायोला ट्रेंट. सात वर्षं रोज रात्री एकमेकांवर जीव ओवाळून टाकून आता त्यांना एकमेकांचं तोंड बघवत नव्हतं. सिनेमा मुका, बोललेलं कुणाला ऐकू जायचं नाही. मग बागेतल्या प्रवेशात सेड्रिकने गुडघे टेकले, तिचा हात छातीशी धरला आणि डोळ्यांत पाणी आणून म्हणाला, "तुझा मुका घेण्यापेक्षा त्या उकडलेल्या बटाट्याचा घेईन." बटाटा कोण हे स्टुडिओत सगळ्यांना ठाऊक होतं, आणि आता ते वाक्य गावभर झालं होतं.

"तेव्हा तिथे फक्त तीन माणसं होती," ब्लेंकिरन म्हणाले. "ती दोघं आणि कॅमेरावाला आल्फ पोकॉक. त्या दोघांना काढलं तर पुढचा सिनेमा बुडेल. शनिवारपर्यंत ते वाक्य बाहेर फोडणारा सापडला नाही तर मी आल्फला काढणार."

आल्फच्या बायकोला सातवा महिना होता. हेस्टरचा खोकला थांबला.

प्राऊस कामाला लागले. गुलाबाच्या झाडात टेलिफोनची तार लपवलेली असणार, असा त्यांचा पहिला सिद्धान्त. झाड मुळासकट उपटल्यावर ते कागदाचं निघालं. मग संशय गेला प्रवेशातल्या पोपटावर. दुपारभर उलटतपासणी झाली. पोपट फक्त "चहा" म्हणाला.

"फार मुरलेला आहे," प्राऊस म्हणाले.

"भावोजी, त्याला चहा हवाय."

"तोच तर त्याचा कावा आहे."

शेवटी सिद्धान्त संपले आणि आल्फ उरला. "जो उरतो तो गुन्हेगार," प्राऊसनी जाहीर केलं. शनिवारी दुपारी थिएटरात सगळ्यांना बोलावून, खेळ संपताच त्याला उघडं पाडायचं ठरलं. हेस्टरने ब्लेंकिरनना तीनदा विनवलं. ते म्हणाले, "बाई, अब्रूचा प्रश्न आहे." ती चडफडत खुर्चीत बसली. शेजारी ब्लेंकिरन यांची म्हातारी आई होती. ठार बहिरी, पण हा सिनेमा रोज बघायची.

पियानो सुरू झाला. बाग आली. सेड्रिकने गुडघे टेकले. बायकांनी रुमाल काढले. आणि म्हातारी, आपला आवाज केवढा चढतो याची कल्पना नसल्याने, अख्ख्या थिएटरला ऐकू जाईल अशा आवाजात पलीकडच्या शेजारणीला म्हणाली,

"आता बघा हं, बटाटा म्हणेल."

पियानो थांबला. दिवे लागले. हेस्टर तिच्यासमोर जाऊन उभी राहिली आणि सावकाश म्हणाली, "आजी, तुम्हाला कसं कळलं?"

"ओठांवरून. ऐकू येत नाही म्हटल्यावर करणार काय? पत्ते खेळताना मैत्रिणींनाही सांगितलं. त्या आता रोज येतात."

"आई!" ब्लेंकिरन ओरडले. "मला कधी बोलली नाहीस?"

म्हातारीने त्यांच्याकडे निरखून पाहिलं. "तू माझ्याशी बोलतोस तेव्हा तुझं तोंड दुसरीकडेच असतं. आज दिसलं. खरंच बटाट्यासारखं आहे रे."

आल्फ डोळे पुसू लागला. प्राऊसनी घसा साफ करून सांगितलं, की आपला संशय पहिल्यापासून याच बाईंवर होता.

"आणि शेवटी मी मरते तेव्हा?" मागच्या रांगेतून व्हायोलाने मान ताठ ठेवून विचारलं. "तेव्हा काय शिव्या देतो मला? माझे डोळे मिटलेले असतात, आणि चित्रीकरणात रडू यावं म्हणून ठेवलेल्या त्या व्हायोलिनवाल्यापुढे काही ऐकू येत नव्हतं."

हेस्टरने प्रश्न म्हातारीला ओठांनी समजावला.

"शिवी कुठली," म्हातारी म्हणाली. "तो म्हणतो, सात वर्षं रोज खरंच बोलतोय. तुला वाटतं पाठ केलंय."

सेड्रिक टोपीची कड चुरगळत होता. व्हायोला त्याच्याकडे वळली.

"हे नाटकात नव्हतं," ती म्हणाली.

"नाटकात ऐकू गेलं असतं," तो म्हणाला.

प्राऊस हेस्टरच्या कानाशी वाकले. "या माणसाच्या डोक्याचं माप मला संशयास्पद वाटतंय."

"भावोजी," हेस्टर म्हणाली, "छत्री घ्या. आपण निघू या."