छान मारलात

विजय हा अपघात असतो. पराभवाला मात्र परंपरा लागते. अपघात काय, रस्त्याने सरळ चाललेल्या कोणाच्याही नशिबी येतो. परंपरा उभी करायला माणसं लागतात, माणसांची समिती लागते आणि समितीला चहा लागतो. या तिन्ही बाबतींत आमचं महाविद्यालय स्वयंपूर्ण आहे, म्हणूनच आमच्या फुटबॉल संघाला एकोणीस वर्षांत एकही अपघात झालेला नाही.

मी तर्कशास्त्र शिकवतो. तर्कशास्त्राला विद्यार्थी नसल्यामुळे (यंदा दोन, त्यातला एक चुकून) क्रीडा समितीचा वार्षिक अहवाल लिहिण्याचं काम माझ्याकडे आहे. या अहवालात ‘हरलो’ हा शब्द वापरत नाहीत. पूर्वी ‘निसटता पराभव’ असं लिहीत. पण नऊ गोलांनी निसटायचं म्हणजे शब्दावर फार ताण येतो, असं भाषा विभागाचं मत पडलं. तेव्हापासून आमचा संघ सामना हरत नाही, अनुभव घेतो. एका मोसमात साधारण बारा अनुभव येतात. आसपासच्या महाविद्यालयांचे संघ आमच्या निम्म्यानेही अनुभवी नाहीत, कारण अधूनमधून जिंकण्यात त्यांचा वेळ जातो. प्रगतीही समाधानकारक आहे. पहिल्या वर्षी सामन्याला सरासरी अकरा गोल होत. आता पाचावर आले आहेत. यंदाच्या शेवटच्या सामन्यात तर एकच गोल झाला आणि ती आमच्या इतिहासातली सर्वांत चुरशीची लढत ठरली.

परंपरा टिकते ती शिस्तीवर. तिसऱ्या मोसमात गोल झाल्यावर आमच्या एका खेळाडूने बूट काढून भिरकावला होता (तो आमच्याच गोलरक्षकाला लागला, नेम तेव्हाही बेताचाच होता). प्राचार्यांनी सगळ्या संघाला केबिनमध्ये बोलावून सांगितलं, “हरा, पण घरंदाजपणे हरा.” तेव्हापासून एक पद्धत पडली. गोल झाला की आमची अकराही मुलं ओळीने जाऊन समोरच्या संघाशी हात मिळवतात आणि प्रत्येकाला म्हणतात, “छान मारलात.” मग गोलरक्षक जाळ्यातला चेंडू काढून आणून मैदानाच्या मध्यावर ठेवतो आणि कर्णधार तो ढकलून खेळ पुन्हा सुरू करतो. ज्याच्यावर गोल होतो त्याने मध्यावरून सुरुवात करायची, असा फुटबॉलचा नियमच आहे. या एका कलमात आमचा हात धरणारा संघ आजवर झाला नाही. सरावाचा पहिला अर्धा तास याच कवायतीला दिलेला असतो. उरलेल्या वेळात, उजेड राहिलाच, तर फुटबॉल.

बाकीची यंत्रणाही या शिस्तीला जुळवून घेत गेली. आमच्या मैदानावरचे पंच सुरुवातीपासून तेच आहेत. त्यांचे गुडघे गेल्यापासून ते मध्यावरच उभे असतात, जाळ्यापर्यंत जात नाहीत. मुळात गरजच पडत नाही. ओरडा झाला की ते मध्यावर कोणाचा कर्णधार येऊन उभा राहतो ते बघतात आणि गोल दुसऱ्या संघाच्या नावावर लिहून टाकतात. गोलफलकाचंही तसंच. त्यावर पूर्वी दोन्ही नावांपुढे आकड्यांच्या पाट्या टांगायला खिळे होते. आमच्या बाजूची शून्याची पाटी वाऱ्याने सारखी पडायची, म्हणून शिपायाने खिळा उपटून तिथे ऑइलपेंटने शून्यच रंगवलं. पाहुण्यांच्या बाजूला अजून खिळा आहे. (तोही वापरून सैल झाला आहे.)

असं सगळं सुरळीत चाललं असताना लांब्या कर्णधार झाला.

लांब्याचं खरं नाव हजेरीपटावर असेल. त्याची आई सरकारी दवाखान्यात नर्स. सामने दुपारी आणि तिची ड्यूटीही दुपारची, त्यामुळे तिने मुलाचा खेळ कधी पाहिला नव्हता. लांब्या सामन्याहून घरी आला की ती स्वयंपाकघरातूनच विचारायची, “किती?” तो सांगायचा, “सात.” किंवा “चार.” कोणाचे, हे ती विचारत नसे. आई होती.

लांब्याचं हे शेवटचं वर्ष. जिंकायचं वगैरे त्याच्या मनात नव्हतं, तो समंजस मुलगा आहे. त्याला फक्त एकदा आईच्या त्या “किती?”ला आपल्या बाजूचा आकडा सांगायचा होता. एक चालला असता. शेवटच्या सामन्याच्या आदल्या दिवशी तो मला पायऱ्यांवर भेटला आणि म्हणाला, “सर, आई येतेय उद्या. ड्यूटी बदलून घेतलीय तिने.”

“वा,” मी म्हटलं, “अनुभव येईल त्यांनाही.”

तो हसला नाही. मलाही मग बरं वाटलं नाही.

समोरच्या महाविद्यालयाची परीक्षा तोंडावर होती, म्हणून त्यांनी आमच्याकडे दुय्यम संघ पाठवला. तो आमच्या मुख्य संघाच्या तोडीस तोड निघाला. मध्यंतरापर्यंत गोल नाही. मध्यंतरानंतरही नाही. प्रेक्षकांत कुजबुज सुरू झाली. क्रीडाशिक्षकांना घाम फुटला, त्यांनी दोनदा वैद्यकीय पेटी उघडून नुसतीच बंद केली. लांब्याची आई पहिल्या रांगेत पर्स मांडीवर धरून बसली होती आणि तिच्या शेजारी आमच्या ग्रंथपालबाई.

सामना संपायला थोडा वेळ राहिला असताना चेंडू लांब्याच्या पायाशी आला. आमच्याकडे चेंडू आला की तो लगेच कोणीतरी येऊन घेऊन जातो, असा अनुभव आहे. लांब्या वाट बघत उभा राहिला. कोणी आलं नाही. पाहुण्यांची मुलं सगळी आमच्या अर्ध्या भागात येऊन ठाण मांडून होती. मग तो चालायला लागला, मग धावायला लागला. त्यांचा गोलरक्षक खांबाला टेकून शेंगा सोलत होता. लांब्याने पाय उचलला. चेंडू जाळ्यात गेला.

मैदानावर एकदम शांतता पसरली. त्या शांततेत एकच बाई उठून टाळ्या वाजवत होती.

“अहो, खाली बसा,” ग्रंथपालबाई तिचा पदर ओढत हळूच म्हणाल्या. “गोल झालाय.”

“हो ना,” आई म्हणाली.

“मग टाळ्या कसल्या वाजवता? मुलांना काय वाटेल?”

आईने इकडेतिकडे पाहिलं. कोणीच टाळ्या वाजवत नव्हतं. ती ओशाळून खाली बसली.

इकडे मैदानात जे व्हायचं तेच झालं. गोल झाला म्हटल्यावर आमची दहा मुलं आपसूक ओळीत उभी राहिली आणि पाहुण्यांशी हात मिळवू लागली. “छान मारलात.” “छान मारलात.” पाहुणे क्षणभर गोंधळले, पण ओळीने इतकी माणसं मनापासून अभिनंदन करत असताना नाही म्हणणं बरं दिसत नाही. ते “थँक यू” म्हणाले. आमचा गोलरक्षक अख्खं मैदान ओलांडून गेला आणि त्यांच्या जाळ्यातला चेंडू काढून घेऊन आला. (एवढ्या लांब जावं लागल्याबद्दल तो नंतर कुरकुरला.) चेंडू त्याने मध्यावर ठेवला. लांब्या अजून तिकडेच उभा होता, दोन्ही हात वर करून. क्रीडाशिक्षक बाहेरून ओरडले, “लांब्या, मध्यावर ये! शिस्त!”

चार वर्षांची सवय. तो धावत आला आणि चेंडू ढकलला. पंचांनी पाहिलं, सुरुवात कोण करतंय, आणि लिहून टाकलं. शिपायाने पाहुण्यांच्या खिळ्यावर ‘१’ टांगला. खेळ संपल्याची शिट्टी झाली.

दुसऱ्या दिवशी क्रीडा समितीची तातडीची बैठक झाली. लांब्या दारात उभा होता.

“सर, तो गोल आमचा होता.”

“मध्यावरून सुरुवात कोणी केली?” प्राचार्यांनी विचारलं.

“मी.”

“का केलीस?”

“सवयीने, सर.”

“सवय कशाची?”

पाहुण्यांकडे फोन लावला, तेव्हा त्यांचे सर म्हणाले, “आमच्या पोरांना वाटलं, तुमच्याकडे तशीच पद्धत असेल.” मग तर्कशास्त्राचा माणूस म्हणून माझं मत विचारलं गेलं. मी मांडणी केली: ज्याच्यावर गोल होतो तो मध्यावरून सुरुवात करतो, आमच्या संघाने सुरुवात केली, सबब, गोल आमच्यावर झाला. या अनुमानात एक खोट आहे आणि ती पहिल्या वर्षाच्या मुलालाही सापडेल. पण पहिल्या वर्षाला यंदा कोणी प्रवेश घेतलेला नाही. ठराव एकमताने मंजूर झाला. शिवाय रंगवलेलं शून्य खरवडायला वर्गणी कोण काढणार, हाही प्रश्न होताच.

त्या संध्याकाळचं लांब्यानेच मला नंतर सांगितलं. तो बैठकीतून घरी गेला. आदल्या दिवशी आईने “किती?” विचारलंच नव्हतं. आज ती स्वयंपाकघरातून बाहेर येऊन त्याच्यासमोर बसली.

“माझं चुकलंच काल,” ती म्हणाली. “सगळ्यांसमोर टाळ्या वाजवल्या. मला वाटलं, आपला झाला.”

“आपलाच होता, आई.”

तिने त्याच्या पाठीवरून हात फिरवला. “असू दे रे. माझ्यासाठी नको खोटं बोलूस. चांगले खेळलात तुम्ही.”

हे ऐकून मला फार वाईट वाटलं. पण अहवाल छापखान्यात गेला होता.

आता सुज्ञ वाचक म्हणतील, मैदानावर एवढी माणसं होती, एकालाही सरळ दिसू नये? शिकलीसवरलेली माणसं, आणि शून्य रंगवलंय म्हणून डोळ्यांवर पट्टी बांधून बसतात? वाचकांचा संताप रास्त आहे. फक्त एक विनंती. वर दुसऱ्या परिच्छेदात अहवालातलं एक वाक्य मी जसंच्या तसं दिलं आहे: ‘यंदाच्या शेवटच्या सामन्यात तर एकच गोल झाला.’ तो कोणी केला, हे मी लिहिलं नव्हतं. खोटं लिहायची मला सवय नाही. तुम्ही तो वाचताक्षणी कोणाच्या नावावर मांडलात, ते जरा आठवून बघा.

छान मारलात.