काळतबकाचा डावा कौल

गुरुदत्तने एक अख्खं जग तयार केलं होतं आणि त्यात एकही चूक नाही याची त्याला खात्री होती. अंजनद्वीप नावाच्या त्या जगाला दोन चंद्र होते, समुद्र काळा होता आणि राजाच्या दरबारात काळतबक नावाचं यंत्र होतं. मरणाच्या दारात उभ्या माणसाने प्रश्न विचारायचा, काळतबकाने उत्तर द्यायचं. ही कादंबरी तो खारघरच्या ऑफिसातून पनवेलला घरी आल्यावर, वडिलांच्या खोकल्याच्या तालावर लिहीत असे. कादंबरीला प्रकाशक मिळाला नव्हता. पण जग चोख होतं.

मुखपृष्ठाच्या चित्रकाराला दाखवायला म्हणून त्याने काळतबक प्रत्यक्ष बनवलं. पितळी ताट, त्यात मधोमध उपडी वाटी आणि वाटीच्या बुडावर तळोज्याच्या कारखान्यातल्या मित्राने दिलेली बेअरिंगची गोळी. ताटाच्या कडेवर चमचा वाजवला की गोळी घरंगळायची, डावीकडे नाहीतर उजवीकडे. डावं म्हणजे हो, उजवं म्हणजे नाही. कारण अंजनद्वीपात म्हणत, काळीज डावीकडे असतं. या कल्पनेवर गुरुदत्त इतका खूश होता की त्याने ती बायकोला, सुनीताला, पुन्हा पुन्हा सांगितली होती.

"ऐकलंय मी," सुनीता म्हणायची. "बहुतेक वेळा झोपेत."

ते साल होतं दोन हजार अकरा. गुरुदत्तच्या वडिलांच्या, अप्पांच्या, हृदयाच्या नळ्या तुंबल्या होत्या. सोमवारी खारघरच्या हॉस्पिटलात बायपास ठरली होती. लांबवलीत तर मी जबाबदार नाही, असं डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं होतं. अप्पा तयार होते, बॅग भरलेली होती. शनिवारी गुरुदत्त घरी आला तेव्हा बॅग रिकामी होती आणि अप्पा ताटासमोर मांडी घालून बसले होते.

"आपरेशन नाय करायचा," ते म्हणाले.

"का?"

"कौल डावा पडला."

अप्पांचा जन्म आपटा गावचा. गावात देवाच्या पाषाणाला ओल्या कळ्या चिकटवून कौल लावायचा. उजवी कळी पडली तर हो, डावी पडली तर नाही. अप्पांची विहीर, अप्पांचं लग्न, अप्पांचा बैल, सगळं उजव्या कौलाने आलेलं.

"अप्पा, ते खेळणं आहे. मी केलंय ते, या हातांनी."

"देवाची मूर्ती पन कोन तरी करतोच."

गुरुदत्त रविवारी दुपारपर्यंत समजावत होता. अप्पा आपल्या तेराव्याला कोणती भाजी नको हे सांगत होते. शेवटी सुनीता स्वयंपाकघरातून म्हणाली, "अहो, तुमच्या पुस्तकात डावं म्हणजे हो ना? तेच सांगा की."

गुरुदत्तला वाटलं, सुटलो.

"अप्पा, या यंत्रात डावं म्हणजे हो असतं."

"कोन बोलला?"

"तिकडचे लोक. अंजनद्वीपचे."

"लांब हाय का ते?"

"बरंच."

अप्पा गोळीकडे बघत राहिले. "मंजी यंत्र खराच बोलतो. आपनच उलटा वाचत व्हतो."

गुरुदत्तने तोंड उघडलं. सुनीताने त्याच्या पायावर पाय दिला. समोर बाप होता आणि बापाचं काळीज बंद पडायला आलं होतं.

"हो," गुरुदत्त म्हणाला. "खरं बोलतं."

"मग गंगाबाईला वर बोलव. आनि अब्दुलला पन."

"त्यांना कशाला?"

तेव्हा कळलं. गेले पंधरा दिवस गुरुदत्त ऑफिसात असताना अप्पांनी अख्ख्या इमारतीला कौल लावून दिला होता.

गंगाबाई तळमजल्यावर राहायच्या. त्यांचा नवरा कित्येक वर्षांपूर्वी घरातून निघून गेला, तो परत आलाच नाही. जिवंत आहे का, असं त्यांनी विचारलं होतं. गोळी डावीकडे पडली होती. आता त्या पांढऱ्या कपाळाने दारात उभ्या होत्या.

"जिवंत आहेत?" त्यांनी विचारलं.

"यंत्र म्हनतो तसा," अप्पा म्हणाले.

गंगाबाई खाली बसल्या. "मी बांगड्या फोडल्या. पिंड ठेवले, कावळासुद्धा लगेच शिवला." त्यांनी रिकामी मनगटं चोळली. मग म्हणाल्या, "एवढी मोकळी झाले होते हो मी. आता परत वाट बघायची?"

तेवढ्यात समोरच्या फ्लॅटमधले अब्दुलभाई आले, मागे त्यांची बायको सायरा.

"गुरुभाई, आधीच सांगतो, आमच्यात असलं विचारणं हराम आहे," अब्दुलभाई म्हणाले. "मी विचारलं नाही. सायराने विचारलं. मी नुसता बाजूला उभा होतो."

"चमचा कुणी वाजवला?" सायरा म्हणाली.

त्यांच्या मुलाने, मुआजने, नोकरीसाठी मस्कतला जावं का, असा प्रश्न होता. उजवं पडलं होतं, म्हणून पोराने इथली नोकरी सोडली होती.

"म्हणजे जायचं नव्हतं?" अब्दुलभाईंनी विचारलं.

गुरुदत्तने सुनीताकडे बघितलं. सुनीता छताकडे बघत होती. "भाई," तो कसाबसा म्हणाला, "तुमच्यात हे चालतच नाही ना? मग तुम्हाला लागू नसेल."

"चमचा वाजवताना चालत होतं," सायरा म्हणाली.

सगळे गेल्यावर अप्पांनी स्वतः बॅग भरली. सर्वांत वर ताट ठेवलं.

सोमवारी सिस्टरने ताट आत नेऊ दिलं नाही. स्ट्रेचरवरून अप्पा म्हणाले, "तू सांभाळ. आनि लागला तर विचार." गुरुदत्त हसला होता.

दुपारी तो हसत नव्हता. डॉक्टरांनी सांगितलेली वेळ उलटून गेली होती. शेजारच्या दारातून तोंडावर चादर ओढलेल्या कुणाला तरी स्ट्रेचरवरून बाहेर आणलं. ते अप्पा नाहीत हे कळेपर्यंत गुरुदत्त स्ट्रेचरमागे चालत गेला. सुनीता चहा आणायला गेल्याची खात्री करून त्याने ताट शेजारच्या खुर्चीवर ठेवलं, गोळी बसवली, डोळे मिटून 'अप्पा वाचतील ना?' असं विचारलं आणि पेनाने कडेवर टिचकी मारली.

गोळी उजवीकडे पडली.

अंजनद्वीपात उजवं म्हणजे नाही. नियम त्याने स्वतः लिहिला होता, आणि त्या जगात एकही चूक नव्हती. गुरुदत्त बराच वेळ गोळीकडे बघत बसला. मग त्याने ठरवलं की काही झालं तरी आपण मूळचे आपट्याचे. उजवा कौल. त्याने ताटाला हात जोडले.

संध्याकाळी डॉक्टर म्हणाले, "छान झालं." गुरुदत्तला आत सोडलं. अप्पांनी नळ्यांच्या जंजाळातून एक डोळा उघडला.

"इचारलास?"

"हो, अप्पा."

"कुटं पडली?"

"उजवीकडे," गुरुदत्त आनंदाने म्हणाला.

अप्पांचा चेहरा उतरला. त्यांनी पांढऱ्या छताकडे, पांढऱ्या पडद्यांकडे पाहिलं. "मग मी आलोय कुटं?"

"खारघरला. जिवंत आहात तुम्ही."

"नीट बघ."

"बघितलं, अप्पा. डॉक्टरांनीही बघितलं."

अप्पांनी विचार केला. "मग तुजा यंत्र खोटा हाय. भंगारात दे."

हेच वाक्य ऐकायला गुरुदत्तने सगळा रविवार घालवला होता. पण तो पलंगाकडे सरकला, आणि सिस्टरने दंडाला धरून बाहेर काढेपर्यंत तावातावाने सांगत राहिला, "तसं नाही, अप्पा, खोटं नाहीये ते, फक्त कुठली बाजू धरायची..."