काका, परत या

सोमवारी सकाळी बाबा संघाच्या मदत क्रमांकावर फोन लावून बसले होते आणि लेक समोर बसून नखं कापत होती. फोन स्पीकरवर होता. तक्रारीला साक्षीदार हवा, असं बाबांचं मत होतं.

"नमस्कार, रणगाडे चाहता सेवा. आपली तक्रार तिकिटाबद्दल आहे की जर्सीबद्दल?"

"संघाबद्दल."

"सर, माझ्याकडे दोनच पर्याय आहेत. तिकीट आणि जर्सी."

"मग जर्सी लिहा. जर्सी व्यवस्थित आहे, आतली माणसं लहान पडतात."

'रणगाडे' हे संघाचं अधिकृत नाव. यंदाच्या हंगामात तेरापैकी अकरा सामने हरल्यावर शहरभर त्यांना 'हातगाडे' म्हणत होते. बाबांनी हा शब्द घरात उच्चारू दिला नव्हता. चौतीस वर्षं त्यांनी इमारतींच्या लिफ्ट दुरुस्त केल्या होत्या. खाली गेलेली वस्तू वर येते, फक्त दोर शाबूत पाहिजे, हे त्यांचं गुणतक्त्याबद्दलचं तत्त्वज्ञान होतं. सोळा हंगाम ते त्यावर टिकून होते. पण निष्ठा म्हणजे गप्प बसणं, असं त्यांना कुणी शिकवलेलं नव्हतं.

"लिहा. सुटलेले झेल, एकवीस. माझ्याकडे नोंद आहे. दुसरं, तो डावखुरा चार सामने एकाच पद्धतीने बाद झालाय, त्याला कुणी आरसा दाखवा. तिसरं आणि महत्त्वाचं, कर्णधार हरल्यावर हसतो. वीस हजार माणसं तोंड पाडून घरी जातात आणि हा दात दाखवतो. हसू नकोस म्हणावं."

"सर, 'हसणे' तिकिटात टाकू की जर्सीत?"

"जर्सीत. लेखी माफी पाहिजे."

"अठ्ठेचाळीस तासांत आमचा प्रतिनिधी आपल्याला फोन करेल."

"करू दे. मी कुठे जातोय?"

फोन ठेवल्यावर लेक म्हणाली, "बाबा, पुढच्या वर्षी दुसरा संघ धरा ना. रक्तदाब तरी उतरेल."

बाबांनी तिच्याकडे असं पाहिलं, की जणू तिने लाच देऊ केली होती. "तू नापास झालीस तेव्हा मी शेजाऱ्यांची मुलगी धरली का?"

"मी कधी नापास झाले?"

"सहावीत. चित्रकला."

मंगळवारी सकाळी अकरा वाजता, कपातला चहा निम्मा असताना, ते झालं. डॉक्टर आले तेव्हा चहा अजून कोमट होता.

सगळ्यांना कळवायचं काम आत्याने केलं. आत्याचा आवाजही मोठा आणि ओळखीही मोठ्या. दुपारपर्यंत सांगायला कुणी उरलंच नाही. लेक एका दैनिकात मुद्रितशोधक होती. एकोणीस वर्षं निधनाच्या बातम्या तिच्याच हाताखालून जात होत्या. माणसं 'काळाच्या पडद्याआड' गेली की ती लाल पेनने पडदा काढून टाकायची आणि नव्या मुलींना सांगायची, "बातमीत साधं क्रियापद लिहा. वाचणाऱ्याला कोडं घालू नका." बाबांच्या बातमीचं प्रूफ मात्र तिने न वाचताच शेजारच्या टेबलावर सरकवलं. अशा रीतीने दोन दिवसांत ते वाक्य तिने एकदाही उच्चारलं नाही, आणि ही गोष्ट कुणाच्या लक्षात आली नाही. तिच्याही नाही.

अठ्ठेचाळीस तासांतला फोन गुरुवारी आला.

"नमस्कार, रणगाडे चाहता सेवा. काका आहेत का?"

"नाहीत."

"कधी येतील?"

"ते..." लेक थांबली. "ते गेले."

"कुठे गेले?"

"आम्हाला सोडून गेले."

पलीकडे टाइप केल्याचा आवाज थांबला. मग फोनवरची मुलगी हळूच म्हणाली, "अरे बापरे. सोडून गेले? अचानक?"

"हो. अचानक."

"सॉरी, ताई. आमच्या यंदाच्या कामगिरीमुळे का?"

लेकीला एकवीस झेल आठवले. एकेका झेलाला बाबांच्या कपाळावर उठणारी शीर आठवली. "तुमचा हातभार आहेच," ती म्हणाली. तिचा आवाज चढला होता. "सोळा वर्षं त्या माणसाने तुमच्यावर जीव टाकला. काय दिलंत तुम्ही त्यांना?"

"मी समजू शकते. आणि आता ते... कुणाकडे...?"

"वर गेलेत!" असं म्हणून लेकीने फोन आपटला.

वर, म्हणजे गुणतक्त्यात सर्वांत वर, 'बिबटे' नावाचा संघ होता. फोनवरच्या मुलीने तशी नोंद केली. तिचं तरी काय चुकलं?

शुक्रवारी दुपारी आत्या दूध घेऊन धापा टाकत वर आली. "अगं, खाली ये! दादा बसस्टॉपवर उभा आहे!"

दादा खरोखरच बसस्टॉपवर होता. सहा फूट उंच. ज्येष्ठ चाहता पासावरचा फोटो मोठा करून लावला होता. टक्कल, जाड चष्मा, आणि फोटोग्राफरने 'हसा' म्हटल्यामुळे बाबा त्यात चिडलेले होते. शेजारी ठळक अक्षरांत मजकूर होता: 'सोळा वर्षांचा सोबती आज बिबट्यांकडे गेला. आम्ही चुकलो. काका, परत या!'

लेकीने तो मजकूर सवयीने दोनदा वाचला. व्याकरणाची एकही चूक नव्हती, आणि त्यानेच तिचं डोकं जास्त फिरलं.

हंगामभर संघाबद्दल चांगलं बोलण्यासारखं काही घडलं नव्हतं, त्यामुळे रुसलेला म्हातारा ही त्यांच्या हाती लागलेली पहिली गोड गोष्ट होती. संध्याकाळपर्यंत ती सगळ्यांच्या मोबाइलवर पोचली. खाली लोकांनी मनसोक्त लिहिलं होतं. 'गद्दार.' 'म्हातारचळ.' 'जिंकणाऱ्याच्या मागे सगळेच जातात.' ही शेवटची ओळ वाचून लेकीने मोबाइल उशीखाली दाबून ठेवला, जणू तो तिथे गुदमरणार होता. ज्या माणसाने चौतीस वर्षांत लिफ्टची कंपनी बदलली नाही, न्हावी बदलला नाही, त्याला जिंकणाऱ्याच्या मागे जाणारा म्हणायचं?

शनिवारी सकाळी बसस्टॉपवरच्या बाबांना कुणीतरी बिबट्याच्या मिशा काढल्या होत्या.

लेक ओलं फडकं घेऊन खाली उतरली आणि बाबांचं तोंड पुसू लागली. उजवीकडची मिशी निघाली. डावीकडची निघेना.

"जोरात घासा," बसची वाट पाहणारा एक गृहस्थ म्हणाला. "पण कशाला कष्ट घेता? ज्याने स्वतःच्या तोंडाला काळं फासलं..."

"तुमची बस आली," लेक म्हणाली. बस आलेली नव्हती. पण तिच्या हातातलं फडकं पाहून गृहस्थ पुढच्या स्टॉपकडे चालत निघाले.

ती वर आली तर दारात पंपवाले काका उभे होते. हे बाबांचे जुने दोस्त. पाण्याचे पंप दुरुस्त करायचे. गेली सोळा वर्षं प्रत्येक सामना त्यांनी याच घरात, याच सोफ्याच्या डाव्या कोपऱ्यात पाहिला होता. मंगळवारची सगळी धावपळही त्यांनीच केली होती.

"मला एकच सांग," ते घोगऱ्या आवाजात म्हणाले. "त्याने कधी ठरवलं?"

"काय?"

"बिबट्यांचं."

"काका! मंगळवारी तुम्ही इथेच होतात की!"

"होतो, म्हणूनच विचारतोय. सोमवारी संध्याकाळी आम्ही बोललो, तोवर तो आपल्यातच होता. म्हणजे जे काही झालं ते सोमवार संध्याकाळ ते मंगळवार अकराच्या दरम्यान." काकांनी डोळे पुसले. "जाण्याचं दुःख आहेच गं. पण मला एका शब्दाने न सांगता?"

आत्या आतून ओरडली, "अहो, तुम्हाला अक्कल आहे का?"

"छापून आलंय, ताई! उगाच छापतील का?"

मुद्रितशोधकाने हे वाक्य एकोणीस वर्षं ऐकलं होतं. आज मात्र ते तिच्या वर्मी लागलं. तिने चपला घातल्या आणि थेट स्टेडियम गाठलं.

संघाचं ऑफिस दुसऱ्या मजल्यावर होतं. दर्शनी कपाटात एकच चषक होता, 'सर्वांत सभ्य संघ'. चाहता संपर्क अधिकारी तिशीतला, संघाच्या जर्सीतला, अतिशय गोड बोलणारा होता. कामच तसं असावं.

"या, ताई. काकांनी पाठवलं का तुम्हाला?"

"ते फलक उतरवा. आत्ताच्या आत्ता. माझे वडील बिबट्यांकडे गेलेले नाहीत. ते... ते आता नाहीत."

"आमचे नाहीत. आम्ही स्वीकारलंय ते."

"तुमचे नाहीत असं नाही. नाहीतच."

"कुणाचेच नाहीत? म्हणजे क्रिकेटच सोडलं?" त्याचा चेहरा पडला. "एवढे दुखावलेत?"

"ते दुखण्याच्या पलीकडे गेलेत."

"ताई, प्रत्येक माणसाची काही ना काही अपेक्षा असते. खास कक्षात जागा देऊ. कर्णधाराबरोबर जेवण..."

"कर्णधाराने हसू नये, एवढीच त्यांची अपेक्षा होती!"

"सांगतो. लिहून घेतो." त्याने खरंच लिहून घेतलं. "मग येतील?"

लेकीने तोंड उघडलं. तिला ठाऊक असलेली सातही क्रियापदं तिच्यासमोर ओळीने उभी राहिली. परक्यांच्या वडिलांसाठी ती सगळी चांगली होती.

"त्यांना आणता येणार नाही," ती म्हणाली.

"मग तुम्ही या!" अधिकारी उडालाच. "उद्या दुपारी शेवटचा सामना आहे. नाणेफेकीआधी मैदानात माइकवर दोन मिनिटं बोला. मुलगी वडिलांना साद घालते! लोक रडतील, ताई."

ती नकार देऊन उठणारच होती. पण वर्तमानपत्रातल्या तिच्या एकोणीस वर्षांत चूक नेहमी पहिल्या पानावर आली होती आणि खुलासा आठव्या पानाच्या तळाशी, मुंगीच्या अक्षरात. चुकीएवढाच मोठा खुलासा तिला प्रथमच कुणी देऊ करत होतं.

"येते," ती म्हणाली.

"पाच दिवस झाले नाहीत, आणि तू मैदानात जाणार?" आत्या रविवारी म्हणाली. "लोक काय म्हणतील?"

"लोक म्हणतायतच, आत्या. मी उत्तर द्यायला चाललेय."

तिच्या हातात एक कागद होता. त्यावर पाच वाक्यं होती. चार पूर्ण झाली होती, तीनदा तपासली होती. पाचवं असं होतं: 'माझे वडील मंगळवारी सकाळी अकरा वाजता' आणि पुढे कोरी जागा. क्रियापद नसलेलं वाक्य तिने आयुष्यात कधी पुढे जाऊ दिलं नव्हतं. ऐन वेळी सुचेल, असं तिने स्वतःला सांगितलं.

स्टेडियम भरलं होतं. शेवटच्या क्रमांकाच्या संघाचा शेवटचा सामना पाहायला एवढी माणसं कशी आली, हे संघालाही कळत नव्हतं. अर्ध्यांच्या हातात 'काका, परत या' लिहिलेले पुठ्ठे होते. खेळाडू रांगेत उभे होते. कर्णधार गंभीर होता. त्याला तसं सांगण्यात आलं असावं, कारण तो फार कष्टाने गंभीर दिसत होता.

निवेदकाने माइक तिच्यासमोर धरला. "ताई, काकांना काय सांगाल?"

लेकीने कागद उघडला. "माझे वडील बिबट्यांकडे गेलेले नाहीत," तिने वाचलं. आवाज ठणठणीत होता. "सोळा हंगामांत त्यांनी दुसऱ्या कुठल्याही संघासाठी टाळी वाजवली नाही. सोडून जाणारे ते नाहीत. सोडलं असेल तर तुम्ही, एकवीस झेल, आणि त्यांची नोंद आमच्या घरी आहे."

आणि स्टेडियम फुटलं. वर्षभर पोटात साठलेलं सगळं वीस हजार गळ्यांतून बाहेर पडलं. "एकवीस! एकवीस!" डावखुरा बुटांकडे पाहू लागला. वरच्या सज्जात पंपवाले काका दोन्ही हात उंच करून ओरडत होते, "मी म्हणत नव्हतो? मी म्हणत नव्हतो?" ते तसं मुळीच म्हणत नव्हते.

चार वाक्यं झाली. पाचव्यासाठी तिने श्वास घेतला. पण निवेदकाला आनंदाने राहवेना.

"म्हणजे काका आपलेच आहेत! मग काका आज आलेत का, ताई? नक्कीच आले असणार! कुठे बसलेत? शोधा रे काकांना!"

कॅमेरा गर्दीवरून फिरू लागला. मोठ्या पडद्यावर चेहरे सरकले. टोप्या, गॉगल, रंगवलेले गाल. वीस हजार माणसं माना वळवून बाबांना शोधत होती. पूर्वेच्या बाकांवर कॅमेरा थांबला, मागे आला. टक्कल, जाड चष्मा, चिडका चेहरा.

"सापडले!" निवेदक किंचाळला. "काका! काका!" सारं स्टेडियम उभं राहिलं.

लेकीनेही मान वळवली होती. एका क्षणापुरतं तिने खरंच पाहिलं. चष्म्याची काडी पाहिली, कान पाहिला.

पडद्यावरच्या आजोबांनी गोंधळून हात वर केला. गर्जना वाढली. कर्णधाराने टोपी काढून त्यांच्या दिशेने कमरेत वाकून नमस्कार केला.

"ते नाहीत," लेक म्हणाली.

"काय म्हणालात, ताई?"

"ते माझे बाबा नाहीत." तिने निवेदकाच्या हातातून माइक घेतला. कागद तिच्या दुसऱ्या हातात होता, पण ती त्याच्याकडे पाहत नव्हती. "शोधू नका. माझे बाबा वारले."