रावसाहेब गणोरकरांची आकाशावरील स्वारी

आकाश सर्वांचे, जमीन ज्याच्या नावे सातबारा त्याची, आणि इतिहास जो अगोदर बोलावयास लागतो त्याचा, हे स्मरून हकीकत मांडिली ती ऐसी. शके एकोणीसशे, कालयुक्तनाम संवत्सर, माघमासी, अवध प्रांती लखनौ शहरी, मुक्काम तेलीबाग, राजमान्य राजश्री रावसाहेब गणोरकर, मूळ वतन अमरावती, हुद्दा हज़रतगंजातील एका बँकेचे हेड अकौंटंट, यांनी अमौसीच्या मैदानातून आकाशावर चाल केली. तिजमध्ये कोण चढले, कोण खाली राहिले, आणि मुलूख कोणता सर जाहला, हे पुढील पिढ्यांस कळावे म्हणोन लिहिणे प्राप्त आहे. थोडे लिहिले तर इतिहासाचा अपराध, आणि फार लिहिले तर रावसाहेबांची भीती नाही, कारण फार बोलण्याचा मान त्यांचाच.

रावसाहेब विमानात कधी बसले नव्हते. परंतु तरुणपणी अमरावतीच्या एका रद्दीवाल्याने अमेरिकन मासिकांचा गठ्ठा त्यांच्या गळ्यात मारिला, आणि त्यात पायपर नामक विमान कारखान्याची साद्यंत कथा निघाली, आणि ती रावसाहेबांनी पाठ केली, आणि मग ती त्यांच्या परिचयातील कोणास चुकली नाही. कथा येणेप्रमाणे. मूळ पुरुष पायपर नामे, पेनसिल्व्हानिया प्रांती ब्रॅडफर्ड गावी तेलविहिरींचा व्यापारी. त्या गावी टेलर नामे कारागीर विमाने करीत, त्यांत पायपरांनी पैका घातला, आणि कारखाना बुडाला, मग बुडालेला कारखाना पायपरांनीच स्वस्तात उचलला, कारण व्यापारी तो व्यापारीच. पहिल्या विमानास इंजिन लाविले ते इतके अशक्त की विमान पुरुषभर उठे आणि पुन्हा जमिनीस भेटे. मग इंजिन बदलले, विमानाचे नाव कब म्हणजे पिल्लू ऐसे ठेविले, आणि पिल्लू उडू लागले. मग सन सदतीसात कारखान्यास आग लागली, तेव्हा लॉक हेवन गावची ओसाड रेशीमगिरणी घेतली, आणि जेथून रेशमाचे ठाण निघत तेथून पिवळीधमक विमाने निघू लागली. महायुद्धी फौजेने तीच पिल्ले टेहळणीस नेली. पुढील हकीकत रावसाहेबांनी नव्या मासिकांतून जोडिली, ती ऐसी की मग मोठी विमाने केली, त्यांस चेरोकी, कोमांची, अपाची ऐशी नावे दिली, म्हणजे तेथील ज्या मूळ जमातींचा मुलूख घेतला त्यांचीच, कारण मुलूख परत देण्यापेक्षा नाव देणे केव्हाही स्वस्त पडते. आणि सन बहात्तरात नदीस महापूर येऊन कित्येक नवी विमाने न उडताच पाण्यात गेली.

ही कथा रावसाहेब लग्नात सांगत, बारशात सांगत, रॉकेलच्या रांगेत सांगत, आणि सांत्वनास गेले असता आगीपासून आरंभ करीत. एकुलती कन्या चिरंजीव मनीषा, कॉलेजात शिकणारी, मराठी समजे परंतु जबाब हिंदीत देई. तिने एके दिवशी जेवताना अर्ज केला, “बाबा, आग तक आज हो गया. बाढ़ कल सुनाइए, प्लीज़.” गृहस्वामिनी सौभाग्यवती सुभद्राबाई काही बोलत नसत. त्यांना कथा इतकी पाठ होती की रावसाहेब महापुराशी आले म्हणजे त्या भात उतरवीत.

ऐसे असता, अमौसीच्या मैदानावरील एका हवाई क्लबाचे उस्ताद कॅप्टन रिज़वी ड्राफ्ट करावयास हज़रतगंजी बँकेत आले. ड्राफ्टावर सही रावसाहेबांची लागे, आणि सही अगोदर की पायपर अगोदर, याविषयी बँकेत कोणास संशय नव्हता. रिज़वी साहेब जुन्या लखनवी घराण्याचे, त्यांनी आग ऐकली, गिरणी ऐकली, महापूर उभ्याने ऐकला, आणि ड्राफ्ट हाती पडताच अदबीने म्हणाले, “हुज़ूर, ऐसी ही एक पीली पाइपर हमारे यहाँ खड़ी है. महीने के आख़िर में कानपुर वाले ले जाएँगे. आख़िरी इतवार को एक चक्कर आपके नाम.” पुढल्या ड्राफ्टावरची सही रावसाहेबांनी बँकेत प्रथमच न बोलता केली.

घरी येऊन त्यांनी वर्तमान सांगितले. सुभद्राबाईंनी पदराला हात पुशीत विचारिले, “किती जण बसतात हो त्यात?”

“दोन. एक चालवणारा, एक मी.”

“मला नाही का जागा?”

“अगं, ते काय तेलीबागेचा टेंपो आहे? एकामागे एक अशा दोनच खुर्च्या. सन अडतीसच्या मॉडेलात…” मग रावसाहेब सन अडतीसात गेले ते दूध उतू गेल्यावर परतले. सुभद्राबाईंनी पुन्हा विचारिले नाही. परंतु दुसरे दिवशी गच्चीवर धुणे वाळत घालताना, अमौसीकडून एक लहान विमान गेले, ते दिसेनासे होईतो त्या ओली चादर धरून उभ्या राहिल्या, हे मनीषाने पाहिले.

तेलीबागेत मराठी बिऱ्हाडे थोडकी, परंतु आग्रह फार. शेजारी हणमंतराव, रेल्वेचे नोकर, बोलण्यात तलवारबहाद्दर. त्यांनी मसलत काढिली की रावसाहेब प्रथमच उडणार, तर केळवण झाल्याविना कैसे उडणार? कोणी शंका घेतली की केळवण लग्नामुंजीचे. त्यावर हणमंतरावांनी निवाडा दिला, “बोहल्यावर चढणं आणि विमानात चढणं एकच. दोन्हीकडे उतरणं आपल्या हाती नाही.” मग घरोघर केळवणांचा सरंजाम सिद्ध जाहला. हणमंतरावांकडे श्रीखंडपुरी, दुसरीकडे पुरणपोळी, तिसरीकडे गोळाभात आणि सांबारवडी, आणि बँकेतील शुक्लाजी मराठी नसता त्यांनाही चेव येऊन त्यांनी चौकातून मक्खन-मलाईचे कुल्हड पाठविले. प्रत्येक ठिकाणी रावसाहेबांनी एकेक घास घेत पायपरांची कथा सांगितली, आणि कथा लांब असल्या कारणे घास पुष्कळ जाहले. यजमान म्हणत, “एक तरी घ्या, पुन्हा भेट होते न होते,” आणि मग जीभ चावून म्हणत, “म्हणजे होणारच!” आणि त्या अपशकुनाची भरपाई म्हणोन आणखी दोन पोळ्या वाढीत.

बायकांची पंगत मागून बसे. सुभद्राबाई पाहुण्या, परंतु पाहुणीने ओट्याशी हात लाविला नाही तर वाळीत पडावे ऐसा रिवाज, म्हणोन त्या प्रत्येक घरी पुऱ्या लाटीत, तळीत, आणि शेवटी बसत तेव्हा श्रीखंडाच्या पातेल्याच्या कडा आणि सांबारवडीचा चुरा एवढाच खजिना शिल्लक राही. याविषयी तक्रार कोठे दाखल नाही, कारण तक्रार दाखल करून घेणारे पहिल्या पंगतीस जेवून वामकुक्षीस गेलेले असत.

मग आखरीचा रविवार उगवला. रावसाहेबांनी लोकरी कोट, मफलर आणि नव्या बुटांनिशी खासा पेहराव केला. चंद्रप्रभाबाई, हणमंतरावांचे कुटुंब, यांनी हातावर दही घातले. सुभद्राबाईंच्या हाती फराळाचा डबा आणि पाण्याचा तांब्या दिला, कारण स्वारीस बुणगे लागतात. आणि एक टेंपो ठरवून सर्व फौज अमौसीकडे निघाली. वाटेत रावसाहेबांनी टेंपोवाल्यास आगीपर्यंतचा इतिहास ऐकविला. टेंपोवाला, “अच्छा, फिर?” म्हणाला, ही त्याची चूक.

मैदानी पिवळे विमान उभे होते, लहानखुरे, उन्हात हळदीच्या नवरीसारखे. रावसाहेबांनी त्याच्या पंखास हात लाविला आणि त्यांचे डोळे भरून आले. सर्वांनी दुसरीकडे पाहिले, कारण हेड अकौंटंटास रडताना पाहणे बरे नव्हे. हणमंतरावांनी हार घातला. कॅप्टन रिज़वींनी आदाब केला आणि मोठ्या संकोचाने म्हणाले, “बस एक छोटी सी रस्म है, हुज़ूर,” आणि माल तोलण्याच्या काट्याकडे हात केला.

पिल्लू लहान, पुढच्या जागी नव्वद किलोंपलीकडे बसवू नये ऐसा क्लबाचा दंडक. रावसाहेब काट्यावर आरूढ जाहले. काटा नव्वदीस सलाम न करिता पुढे गेला आणि सत्त्याण्णवाशी तळ देऊन बसला.

आता लखनवी माणसाने कोणास जाड म्हणावे, यापेक्षा गोमती उलटी वाहणे सोपे. रिज़वी साहेब घामाघूम जाहले. “काँटा पुराना है, हुज़ूर. बुज़ुर्गों का अदब नहीं जानता.” मग दुसऱ्यांदा तोलून म्हणाले, “असल में हमारा जहाज़ ही दुबला है.”

मनीषा म्हणाली, “अंकल, साफ़ बोलिए न, बाबा ओवरवेट हैं.”

“तौबा, तौबा, बेटी!” म्हणोन रिज़वींनी दोन्ही कान धरिले.

मग वेढा पडला. रावसाहेबांनी कोट उतरविला, मफलर उतरविला, बूट, पट्टा, बँकेच्या किल्ल्या, आणि शेवटी हणमंतरावांचा हार उतरविला, परंतु काटा चौऱ्याण्णवाखाली पाऊल घेईना. तेव्हा त्यांनी तहाचे कलम घातले की विमानातील पेट्रोल थोडे काढावे. रिज़वी नम्रपणे म्हणाले, “निकाल दूँ, हुज़ूर. जहाज़ चला जाएगा. बस, आएगा नहीं.” मग रावसाहेबांनी इतिहासाचा दाखला काढिला की खुद्द पायपरांचे पहिले विमान पुरुषभरच उठत असे, तितके उठले तरी आपण राजी आहो. त्यावर रिज़वींनी फक्त मैदानाच्या टोकाच्या भिंतीकडे पाहिले. हणमंतरावांनी दंडक मोडण्याविषयी मोठ्या आवाजात मसलत दिली. चंद्रप्रभाबाईंनी त्यांस तेथेच छाटिले, “तुम्ही गप्प बसा. श्रीखंड कोणी कोंबलं त्यांच्या तोंडात?”

आणि उद्या विमान कानपुरास जाणार. सर्व फौज काट्याकडे पाहत उभी राहिली. रावसाहेब मोज्यांनिशी गवतात उभे होते.

तेव्हा शिष्टाचार सावरण्यास रिज़वी साहेब वळले आणि म्हणाले, “जहाज़ गरम खड़ा है. भाभीजान तशरीफ़ लाएँ तो?”

रावसाहेब सवयीने बोलून गेले, “छे छे, ती जत्रेच्या पाळण्यातसुद्धा बसत नाही.”

सुभद्राबाईंनी डबा आणि तांब्या मनीषाच्या हाती दिला. “कोणी बसा म्हटलंच नव्हतं,” म्हणाल्या, आणि काट्यावर चढल्या. काटा एक्कावन्नावर गेला आणि अदबीने थांबला.

“बायकांच्या मागल्या पंगतीचा एवढा एक फायदा हो!” चंद्रप्रभाबाई म्हणाल्या. पुरुषमंडळी हसली, मग कोणी कोणाकडे पाहीना.

सुभद्राबाई विमानाशी गेल्या आणि तेथे वळून त्यांनी नवऱ्याकडे पाहिले. “जाऊ?”

रावसाहेबांच्या तोंडास पुष्कळ आले. सव्वीस वर्षांचे स्वप्न आले, काटा सदोष असल्याचा अर्ज आला, आणि जा म्हणावे की नको म्हणावे हेही आले. मग ते मोज्यांनिशीच पुढे जाऊन म्हणाले, “निऱ्या आवर. त्या दांडीला धर, पाय इथं ठेव. विमानाच्या कापडावर नको, ते फाटतं. पुढची जागा तुझी.” आणि बाईंचा पट्टा त्यांनी स्वहस्ते बांधिला. तो त्यांनी याआधी कधी बांधिला नव्हता, परंतु चित्रात पाहून नीट ठाऊक होता.

मग पंखा फिरला, धूळ उडाली, आणि पिवळे विमान लगबगीने धावून अवधाच्या आकाशात चढले. रावसाहेब खालून मंडळीस सांगू लागले की आता डावीकडे वळेल, आणि ते उजवीकडे वळले. त्याउपर त्यांनी काही सांगितले नाही. विमान तेलीबागेकडे गेले, ठिपका जाहले, आणि रावसाहेब मान वर करून, तोंड उघडे टाकून, उन्हात उभे राहिले. मनीषाने बूट आणून ठेविले ते त्यांस दिसले नाहीत.

विमान उतरले, बाई उतरल्या, अंबाड्याचे केस सर्व सुटलेले. फौजेने गराडा घातला. चंद्रप्रभाबाईंनी विचारिले, “भीती वाटली का गं? कसं होतं वर?”

“इंजिनाचा आवाज इतका, इतका, की कोणी काही सांगितलं तरी ऐकू येत नाही,” सुभद्राबाई म्हणाल्या. “बाई, काय बरं वाटलं!”

रिज़वी साहेबांनी खोकून आपले हसू रुमालात घेतले. रावसाहेबांस ते लागले, आणि लागावे हे योग्यच. ते बूट घालीत खाली मान घालून बसले. परंतु परतीच्या टेंपोत, फौज फराळाच्या डब्यावर तुटून पडली असता, ते बायकोकडे सरकले आणि हळूच म्हणाले, “सांग ना. काय दिसलं?”

सुभद्राबाईंनी आरंभ केला. गोमती कैशी पडलेल्या ओढणीसारखी दिसते, रायबरेलीची सडक किती अरुंद, आपल्या गच्चीवरची चादर कैशी टिकलीएवढी, पंख वाकडा जाहला म्हणजे पोटात कैसे होते आणि मग आवडू लागते, हे सर्व त्यांनी सांगितले. आणि रावसाहेबांनी मध्ये न बोलता, साल न विचारता, दुरुस्ती न करिता, तेलीबागेच्या नाक्यापर्यंत ऐकिले. टेंपो थांबला तरी म्हणाले, “मग?”

येणेप्रमाणे मोहीम समाप्त. आकाश सर्वांचेच राहिले, विमान कानपुरास गेले, आणि रावसाहेब सत्त्याण्णवाचे पुढे नव्वदीवर आले की नाही हे काट्यास ठाऊक. अमौसीपासून तेलीबागेपर्यंतचा जो रावसाहेबांच्या जिभेचा मुलूख आजवर कोणा सरदारास, साहेबास अगर सासऱ्यास सर करिता आला नव्हता, तो सौभाग्यवती सुभद्राबाई गणोरकर यांनी एका दौडीत घेतला. फत्ते त्यांची. सबब दप्तरी त्यांच्याच नावे नोंद केली असे.