गावडेवहिनींचे नऊ चिमटे

डिलाईल रोडवरच्या आमच्या चाळीत तुम्ही कधी पाहुणे म्हणून उतरलात, तर सकाळी सहाला जिन्यात घाबरू नका. अंगात गाऊन, गाऊनवर ओढणी आणि ओढणीला कपडे वाळत घालायचे नऊ चिमटे, अशा थाटात एक बाई धपाधप वर येईल. 'सरक गो, सरक रे' म्हणेल आणि निघून जाईल. थोड्या वेळाने तीच बाई पुन्हा वर येईल, तेव्हा चिमटे आठ असतील. त्या आमच्या गावडेवहिनी. तळमजला, खोली नंबर चार, वय त्रेपन्न, माहेर मालवणकडचं आणि जीभ माहेरच्या मसाल्याची.

हे चिमट्यांचं प्रकरण सुरू झालं डॉक्टरीणबाईंमुळे. पाळी थांबली तशी वहिनींची झोप गेली आणि वजन आलं. रात्री अंगातून वाफा निघायच्या. ऐन जानेवारीत पंखा पाचवर, आणि गावडेभावजी दोन चादरी घेऊन कोपऱ्यात. शेवटी तपासणी केली. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "साखर उंबरठ्यावर येऊन उभी आहे. सहा महिने देते. चाला, चढा, ताटाकडे बघा. नाहीतर गोळ्या सुरू." दुसरी एखादी हे ऐकून दुःखाने घरी येऊन शिरा करून खाती. वहिनींनी घरी येऊन लोखंडी पलंगाची घडी केली आणि भिंतीला लावून ठेवला.

"दिवसा उघडायचा नाही," त्यांनी जाहीर केलं. "पलंग हाक मारतो गो. आपण ओ द्यायची नाही."

या वाक्याला हसायची सोय नव्हती. वहिनींची आई याच खोलीत सहा वर्षं अंथरुणाला खिळून होती. आधी गुडघे दुखतात म्हणून बसली, मग चक्कर येते म्हणून आडवी झाली, ती उठलीच नाही. तिची कूस बदलून बदलून वहिनींचे दंड पैलवानाचे झाले. "माणूस पलंगावर आपल्या पायांनी जातं आणि चौघांच्या हातांनी उतरतं," असं त्या म्हणत, आणि एवढं बोलून झालं की ताडकन उठून उभ्या राहत. हाल झाले ते भावजींचे. बिचारे दुपारी खुर्चीत मान लोंबकळवून झोपत. मानेत उसण भरली तेव्हा आमच्या दिवाणावर येऊन पडू लागले.

भात मात्र वहिनींनी सोडला नाही. "भात सोडायला मी काय संन्यास घेतलाय?" त्यांनी फक्त वाटी बदलली. मुलाच्या उष्टावणाची चांदीची वाटी कपाटातून काढली आणि तिच्याने मोजून भात घ्यायला लागल्या. वाटीएवढा भात आणि त्यावर बांगड्याची आमटी ताटभर. आमटीचं मोजमाप डॉक्टरीणबाईंनी सांगितलं नव्हतं.

वहिनींचं बघून चाळीतल्या आम्ही पाच-सहा जणींनी उचल खाल्ली. सगळ्या पंचेचाळिशीच्या पुढच्या, सगळ्यांना घाम, सगळ्यांची चिडचिड. मी वैशाली, दुसरा मजला, गिरगावात कचेरी. मी सकाळी व्हिनेगरचं पाणी प्यायचे, सोळा तास उपाशी राहायचे आणि उरलेल्या आठ तासांत सोळा तासांचं खायचे. दर महिन्याच्या पहिल्या रविवारी खालच्या वाण्याच्या काट्यावर वजन. तांदळाची गोणी उतरवायची आणि आपण चढायचं. वाणी भला माणूस, आकडा वाचायचा आणि तोंड फिरवून डाळ निवडत बसायचा.

इथे तिसऱ्या मजल्यावरच्या निर्मलावहिनींचं सांगायला हवं. निर्मलावहिनी आणि गावडेवहिनी एकाच महिन्यात सासरी आल्या, दोघींनी एकाच नळावर भांडणं केली आणि एकमेकींना सुलू-निमा म्हणत बाळंतपणं निभावली. गेल्या वर्षी निर्मलावहिनींचे यजमान गेले. तेव्हापासून ती बाई खाली उतरली नव्हती. चौदा महिने! दिवसभर पलंगावर. अंग सुटलं, गुडघे धरले, मुलगा रविवारी डोंबिवलीहून यायचा आणि आठवड्याचं सामान भरून जायचा. पहिले पंधरा दिवस आम्ही सगळ्या डबे घेऊन वर गेलो. मग प्रत्येकीला आपापलं घर होतं. खोटं कशाला बोलू, मलाही होतं.

तर गावडेवहिनींच्या नऊ फेऱ्या. तळमजल्यापासून तिसऱ्या मजल्यापर्यंत चढायचं, वर गॅलरीच्या टोकाला असलेल्या निर्मलावहिनींच्या घरी जायचं, एक चिमटा ठेवायचा, उतरायचं. चिमटे संपले की फेऱ्या संपल्या, मग सगळे गोळा करून खाली. पण माझी नजर वाईट. दोन महिन्यांत माझ्या लक्षात आलं, ही बाई काम चुकवतेय. आधी टोकाच्या घरापर्यंत जायच्या. मग अर्ध्या गॅलरीत थांबायला लागल्या. आता तर जिन्याच्या तोंडाशीच उभ्या, हात कमरेवर, दोन-दोन मिनिटं! शिवाय त्या नऊ चिमट्यांत माझे दोन निळे चिमटे. माझ्या दोरीवरचे! दुसऱ्या मजल्यावरून मला वरच्या जिन्याचं तोंड तेवढं दिसायचं, बाकी डोक्यावरची धपधप पावलं ऐकून मी मनात हिशेब ठेवत होते.

चौथ्या महिन्याचा काटा झाला. ब्याऐंशीवरून वहिनी एकोणऐंशीवर. चार महिन्यांत तीन किलो. माझं स्वतःचं एक किलो वाढलं होतं, त्यामुळे मला फारच राग आला.

"वहिनी, कसं कमी होणार?" मी सगळ्यांच्या देखत म्हटलं. "गॅलरीभर चालायचं तुम्ही कधीच सोडलंत. जिन्यापाशी उभ्या राहून वारा खाता. आम्हाला काय डोळे नाहीत? नऊ फेऱ्या म्हणे! आणि माझे चिमटे आधी परत करा."

बायका हसल्या. वाण्यालाही डाळीतला खडा सापडेना. मला वाटलं, आता मालवणीतून माझ्या सात पिढ्यांचं श्राद्ध होणार. पण वहिनी काट्यावरून उतरल्या, चपला घातल्या आणि एवढंच म्हणाल्या, "बरोबर हा गो तुझं. माका दम लागतो हल्ली."

दुसऱ्या दिवशी सहाला वहिनी फेऱ्यांना निघालेल्या. सात चिमटे ओढणीला आणि दोन निळे माझ्या दोरीवर, धुऊन लावलेले. त्या दिवशीही नऊच फेऱ्या झाल्या. उरलेले दोन चिमटे कुठून आणले, देव जाणे.

पुढच्या आठवड्यात पहाटे दार वाजलं. गावडेभावजी. "हिला ताप आहे, एकशे तीन. तुला बोलावलंय. आत्ताच्या आत्ता."

मी धावत खाली गेले. पलंग उघडलेला होता, आणि त्यावर गावडेवहिनी. फेऱ्यांच्या वेळेला तो पलंग उघडा मी पहिल्यांदाच पाहत होते. त्यांनी उशाखालून नऊ चिमटे काढले आणि माझ्या हातात कोंबले.

"नऊ फेऱ्या," त्या म्हणाल्या. "जिन्याच्या तोंडाशी उभी राहा. पुढे एक पाऊल टाकायचं नाही. निमा ये म्हणाली तरी नाही. गुडघा दुखतो म्हण."

"अहो वहिनी, मी जिने चढून तुमचं वजन कसं उतरेल?"

"जा गो बाय! सहा वाजले. ती उठून बसली असेल."

गेले. तिसऱ्या मजल्यावर जिन्याच्या तोंडाशी उभी राहिले. गॅलरीच्या पार टोकाचं दार उघडलं आणि निर्मलावहिनी बाहेर आल्या. एक हात कठड्यावर, दुसरा गुडघ्यावर. एक पाऊल, थांबा. पुन्हा एक पाऊल. मी पुढे धावणारच होते, पण ताकीद आठवली. सगळी गॅलरी चालून त्या माझ्यापर्यंत आल्या. हात पुढे केला.

"तू कशी? सुलू कुठाय?"

"ताप आहे त्यांना."

त्यांनी चिमटा घेतला. "एक," म्हणाल्या, आणि वळून परत घराकडे चालायला लागल्या.

दुसऱ्या फेरीला त्या अर्ध्या वाटेवर होत्या. तिसरीला मला धाप लागली, तेव्हा कठड्याला टेकून त्यांनीच बोलायला सुरुवात केली. "मी मोजलं नाही तर सुलू तीन फेऱ्यांत गुंडाळते. स्वतःच येऊन म्हणाली, निमा, मी लबाड आहे, तू मोज. चिमटा तुझ्या हातात दिल्याशिवाय फेरी धरू नकोस. आधी पार पलंगापाशी आणून द्यायची. मग उंबऱ्याशी थांबायला लागली. मग त्या खांबाशी. आता बिचारीला इथून पुढे येववत नाही. तिच्यासाठी उठावं लागतं गं मला. नाहीतर तिचं काही खरं नाही."

उंबरा, खांब, जिना. मी दुसऱ्या मजल्यावर उभी राहून जे काम चुकवणं मोजत होते, ते हे होतं. ही बाई रोज नऊ वेळा वर येत होती आणि नऊ वेळा आपल्या मैत्रिणीला पलंगावरून उठवत होती. आणि मी चारचौघींत तिला काट्यावर उभी करून चोर म्हटलं होतं. मला माझी इतकी लाज वाटली की चौथी, पाचवी, सहावी फेरी मी न थांबता केली.

आठवीला मी कठडा धरून वर आले. निर्मलावहिनींनी चिमटा घेतला आणि विचारलं, "डॉक्टरीणबाई येऊन गेल्या का?"

"दहाला येणार आहेत."

"खाल्लंय का तिने काही?"

"माहीत नाही."

"माहीत नाही?" त्या माझ्याकडे अशा बघायला लागल्या की मी खालीच पळाले.

नवव्या फेरीला गॅलरी रिकामी. दार बंद. मी घाबरले. हाक मारणार तेवढ्यात दार उघडलं. निर्मलावहिनींनी साडी नेसली होती. एका हातात पेजेचा डबा, दुसऱ्यात पिशवी, पिशवीत आठ चिमटे. दाराबाहेरच्या चपलांवर चौदा महिन्यांची धूळ होती. चपला एकमेकींवर आपटून ती त्यांनी झटकली, कुलूप घातलं आणि चालत माझ्यापर्यंत आल्या.

"डबा धर," त्या म्हणाल्या. "आणि माझ्या पुढे चल. पडले तर तुझ्यावर पडेन, तू मऊ आहेस."

तीन मजले उतरायला किती वेळ लागला ते मी पाहिलं नाही. प्रत्येक पायरीवर आधी एक पाय, मग दुसरा. दुसऱ्या मजल्यावर बायका दारात आल्या. कुणीतरी 'अगो बाय' म्हणालं. निर्मलावहिनी कुणाकडे न बघता कठडा धरून उतरत राहिल्या.

खोली नंबर चारच्या दारात आम्ही पोहोचलो, तेव्हा गावडेवहिनी भिंतीकडे तोंड करून पडल्या होत्या. चाहूल लागली तशा म्हणाल्या, "झाल्या नऊ? आली का ती जिन्यापर्यंत?"

"आली," निर्मलावहिनी म्हणाल्या.

गावडेवहिनी वळल्या. निर्मलावहिनींना दारात उभ्या बघितलं आणि ती तिखट जिभेची बाई लहान मुलासारखी रडायला लागली. रडता रडता ओरडली, "निमा, चपला बाहेर! लादी पुसलीय!" आणि उठून बसायला लागली.

निर्मलावहिनींनी तिला खांद्याला धरून परत उशीवर टेकवलं आणि स्वतः पलंगाच्या कडेला बसल्या. "पड. आजच्या दिवस पलंगाला ओ दे. बरी झालीस की नऊ फेऱ्या. मी मोजते."

"जिन्याच्या तोंडाशीच थांबेन हां मी. दम लागतो."

"वरच्या नको," निर्मलावहिनी डब्याचं झाकण काढत म्हणाल्या. "खालच्या तोंडाशी थांब. चिमटे माझ्याकडे राहू देत."

भावजींनी खुर्ची पुढे केली, पण मला ती नको होती. मी वर गेले, दोरीवरचे दोन निळे चिमटे काढले आणि खाली आणून निर्मलावहिनींच्या पिशवीत टाकले.